एदेनची बाग : मराठी वाचनाची चारशे वर्षे

भाईंदरच्या गोडदेवहून रूळ ओलांडून पश्चिमेला उत्तन-डोंगरीच्या किनाऱ्याकडे गेले की साष्टी बेटावरची जुनी ख्रिस्ती गावे लागतात. 1534 च्या वसईच्या तहानंतर दोन शतके या भागावर पोर्तुगीजांचा अंमल होता. एदेन बागेची गोष्ट इथे रुजली ती त्याच काळात. कॅथलिक चर्चमध्ये दर तीन वर्षांनी, उपवासकाळाच्या पहिल्या रविवारी, ती वाचली जाते: बाग, वर्ज्य झाड, सर्प, आदाम आणि एवा. गोष्ट बदलली नाही, तिचा अर्थ मात्र पिढ्यापिढ्यांनी वेगळा लावला. या वाटचालीतले काही मोलाचे टप्पे मराठीत आहेत.

पहिला टप्पा 1616 चा. इंग्लंडमध्ये जन्मलेले जेझुइट फादर थॉमस स्टीफन्स 1579 मध्ये गोव्यात आले आणि तिथल्या साष्टी तालुक्यात रमले. त्याच तालुक्यातल्या राशोलला त्यांचे ‘क्रिस्तपुराण’ छापले गेले. सुमारे अकरा हजार ओव्यांचा हा मराठी ग्रंथ रोमन लिपीत निघाला, कारण देवनागरी खिळे तिथे नव्हते. बाप्तिस्मा घेतलेल्या माणसांची जुनी पुराणे सुटली होती; त्यांच्या कानाला ओळखीच्या छंदात नवी कथा हवी होती. स्टीफन्स यांनी पहिल्या पुराणात सृष्टीपासून जुना करार सांगितला आणि दुसऱ्यात येशूचे चरित्र. साहजिकच फळ खाण्याचा प्रसंग तारणाच्या कथेची प्रस्तावना ठरला: माणूस पडला, म्हणून तारणारा आला. यामागे संत ऑगस्टीन यांची आदिपापाची शिकवण होती. आदामाचा दोष साऱ्या मानवजातीला लागला, असे ती सांगते. हाच अर्थ पुढची तीनशे वर्षे आपल्याकडच्या व्यासपीठांवरून ऐकू येत राहिला.

पण जगात हा एकच अर्थ कधीही नव्हता. पहिल्या शतकातला ज्यू विचारवंत फिलो याला आदाम म्हणजे बुद्धी, एवा म्हणजे इंद्रियसंवेदना आणि सर्प म्हणजे सुखाची ओढ वाटली. दुसऱ्या शतकातल्या संत इरेनेयस यांनी आदामाकडे अजून वाढायच्या लेकरासारखे पाहिले. ज्यू परंपरेत ते फळ द्राक्ष, अंजीर की गहू, यावर वाद झाले. सफरचंदाचा उल्लेख मूळ कथेत नाहीच. कुराणात आदाम आणि त्याची पत्नी दोघेही फसतात, दोघेही क्षमा मागतात. तत्त्वज्ञ कांट यांनी 1786 मध्ये या प्रसंगात उपजत प्रवृत्तीकडून विवेकाकडे पडलेले पाऊल पाहिले. मनोविश्लेषक एरिक फ्रॉम यांनी 1941 मध्ये त्यालाच मानवी स्वातंत्र्याचा आरंभ म्हटले. मला फ्रॉम यांचे म्हणणे अर्धे पटते. अवज्ञेतून माणूस मोठा झाला असेल, पण कथेत त्याची किंमत जमिनीनेही मोजली आहे: आदामामुळे भूमी शापित होते, काट्याकुसळांनी भरते.

दुसरा मोठा टप्पा केडगावचा. पंडिता रमाबाईंनी हिब्रू आणि ग्रीक शिकून अख्ख्या बायबलचा सोप्या मराठीत अनुवाद केला. 1922 मध्ये त्यांचे निधन झाले आणि 1924 मध्ये त्यांच्या तिथल्या मुक्ती मिशनच्या छापखान्यातून तो ग्रंथ बाहेर पडला. खिळे जुळवण्यापासूनची बरीच कामे मिशनमधल्या स्त्रियांनी केली होती. ज्या कथेच्या आधाराने शतकानुशतके बाईला मोहाचे मूळ ठरवले गेले, ती कथा मराठी बायकांच्या हातून छापली गेली, ही साधी घटना नाही. मूळ मजकूर नीट वाचला तर तो आरोप टिकतही नाही. झाडाची मनाई आदामाला केली जाते तेव्हा एवा निर्माणच झालेली नसते. फळ खाताना तो तिच्याजवळच असतो. जाब विचारल्यावर मात्र तो तिच्याकडे बोट दाखवतो. ‘पाप’ हा शब्द फळ खाण्याच्या अध्यायात येत नाही. तो पुढे आदामाच्या मुलांच्या, काइन आणि आबेलच्या प्रसंगात येतो.

तिसरा टप्पा खाडीपलीकडच्या वसईचा. फादर फ्रान्सिस दिब्रिटो (1942–2024) यांचे ‘सुबोध बायबल’ 2010 मध्ये आले. त्याआधी हेच दिब्रिटो हरित वसई संरक्षण समितीच्या लढ्यात उतरले होते. केळी, फुले आणि भाजीपाल्याच्या वाड्या बिल्डरांच्या घशात जाऊ नयेत, विहिरींचे पाणी टँकरवाल्यांनी उपसू नये, म्हणून ती चळवळ होती. बायबल मराठीत आणणारा आणि वाड्या राखणारा माणूस एकच होता. मला यात या कथेचा आपल्या भूमीतला सर्वांत खरा अर्थ दिसतो.

कारण बायबलमधल्या ‘उत्पत्ती’ या पुस्तकाच्या दुसऱ्या अध्यायातला क्रम पाहा. आदामाला बागेत ठेवले जाते ते तिची मशागत आणि राखण करण्यासाठी. मग सगळ्या झाडांची फळे खाण्याची मुभा मिळते आणि शेवटी एका झाडाची मर्यादा सांगितली जाते. आपण वाचताना मर्यादा आणि मोडणारा हात एवढेच लक्षात ठेवले. आधीचे काम विसरलो. पोप फ्रान्सिस यांनी 2015 च्या ‘लाउदातो सी’ या परिपत्रकात याच राखणीवर भर दिला आहे.

हा अर्थ आज मीरा-भाईंदरला फार जवळचा आहे. शहराचा कचरा उत्तनजवळच्या धावगी डोंगरावर साठतो आणि त्याचा धूर गावकरी वर्षानुवर्षे सोसत आहेत. डोंगरीत मेट्रोच्या कारशेडसाठी हजारो झाडे तोडण्याच्या योजनेला 2025 मध्ये रहिवाशांनी विरोध केला. मेट्रो लागणार आहे, घरे लागणार आहेत. पण एखादे झाड, एखादा डोंगर आपल्यासाठी नाही, असे म्हणण्याची ताकद शहरात उरली पाहिजे. वर्ज्य फळाचा याहून उपयोगी अर्थ मला माहीत नाही. फळ कोणी खाल्ले हा वाद चारशे वर्षे झाला. आता गोडदेवपासून उत्तनपर्यंतच्या सर्वांनी, कोणत्याही धर्माचे असोत, उरलेल्या बागेची राखण अंगावर घ्यावी.