मैदानावरचं पोटपाणी – भाग 7 : जत्रेच्या फडाचा हंगाम

गेल्या आठवड्यात गोल्फच्या देशी दौऱ्याचा हिशेब पाहिला. 2006 साली उभ्या राहिलेल्या पीजीटीआय (प्रोफेशनल गोल्फ टूर ऑफ इंडिया) या दौऱ्याच्या स्पर्धांना खेळाडू पदरमोड करून शहरोशहरी जातो. चार दिवसांच्या स्पर्धेत दोन फेऱ्यांनंतर छाटणी होते आणि छाटणीत गेलेला रिकाम्या हाताने परततो. हंगामाअखेर कमाईची क्रमवारी लागते आणि पुढच्या वर्षी कुठे खेळायला मिळेल, हे बरंचसं तीच ठरवते.

नांदेड-लातूरच्या पट्ट्यात असाच एक धंदेवाईक दौरा पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे. तो जत्रांतल्या कुस्त्यांचा.

पावसाळाभर तालमीत मेहनत करायची आणि दिवाळी उलटली की बाहेर पडायचं. मार्गशीर्षात लोहा तालुक्यातल्या माळेगावला खंडोबाची यात्रा भरते. घोड्या-गाढवांच्या बाजाराइतकीच तिथल्या कुस्त्यांना गर्दी असते. महाशिवरात्रीपासून लातूरच्या सिद्धेश्वराची यात्रा सुरू होते. चैत्र लागला की गावोगावच्या जत्रा एकमेकींना खेटून येतात. आज एका गावी, उद्या दुसऱ्या तालुक्यात, परवा बिदरकडे, असा पैलवानाचा फेरा चालतो. मृग बरसला की फड थांबतात.

पैसा येतो तो लोकवर्गणीतून. यात्रा कमिटी पत्रक छापते. त्यात जोडी, पैलवानाची तालीम, इनामाची रक्कम आणि ती देणाऱ्याचं नाव असतं. सुरुवातीला पोरांच्या रेवड्यांच्या कुस्त्या होतात. मग इनाम शेकड्यांतून हजारांत चढत जातं आणि शेवटच्या कुस्तीला मोठी रक्कम, कुठे चांदीची गदाही असते. पाठ लागली की निकाल. वेळ संपेपर्यंत कुणी चीत झालं नाही, तर गुणावर सोडवतात किंवा बरोबरी देऊन इनाम वाटून टाकतात. जिंकलेला पैलवान हलगीच्या कडकडाटात फेटा पसरून फडाभोवती फिरतो आणि लोक त्यात नोटा टाकतात. कित्येकदा हाच पैसा महिनाभराचा खुराक सांभाळतो.

म्हणजे या दौऱ्याचा पुरस्कर्ता शेतकरी आहे. सोयाबीनला भाव मिळाला नाही की वर्गणी आटते आणि त्या उन्हाळ्यात पैलवानाचं दूध-बदामही कमी होतं. 2020 आणि 2021 मध्ये करोनामुळे जत्राच भरल्या नाहीत. नोकरदाराचा पगार निदान कागदावर तरी असतो. यांच्याकडे तेवढंही नव्हतं. हंगाम बुडाला आणि त्यासोबत वर्षाची कमाईही.

मला यात सर्वांत महत्त्वाची वाटते ती जोड लावण्याची पद्धत. वजनकाटा नाही, क्रमवारी नाही. वस्ताद आणि कमिटीतली जाणती माणसं अंगलट पाहून, मागच्या फडांतली कुस्ती आठवून जोड ठरवतात. त्यांची नजर पारखी असते, हे मी मनापासून मान्य करतो. पण ज्या पोराच्या वस्तादाची ओळख तोकडी, त्याचं नाव मोठ्या पत्रकावर येतच नाही. गोल्फच्या यादीत निदान आकडे बोलतात. इथे कुणीतरी आपल्यासाठी बोलावं लागतं.

म्हणूनच इथली कर्तबगार पोरं पुण्या-कोल्हापूरच्या तालमी गाठतात. निलंगा तालुक्यातल्या रामलिंग मुदगडचे हरिश्चंद्र बिराजदार 1969 साली महाराष्ट्र केसरी झाले, तेही लातूरच्याच अधिवेशनात. पुढे ते रुस्तुम-ए-हिंद झाले आणि दिल्लीच्या सत्पालला हरवून त्यांनी देशभर नाव केलं. वस्ताद म्हणून मात्र त्यांनी पुण्यातल्या गोकुळ वस्ताद तालमीत पोरं घडवली. बीड जिल्ह्यातला राहुल आवारे त्यांच्याच हाताखाली तयार झाला आणि बिराजदारांनंतर काका पवारांकडे गेला. 2018 साली राष्ट्रकुल स्पर्धेत सुवर्ण आणि 2019 साली जागतिक स्पर्धेत कांस्य, ही त्याची कमाई. अर्जुन पुरस्कार विजेते काका पवारही लातूर जिल्ह्यातलेच आणि त्यांचं संकुलही पुण्यात. जानेवारी 2020 मध्ये महाराष्ट्र केसरीच्या अंतिम कुस्तीत नाशिकचा हर्षवर्धन सदगीर आणि लातूरचा शैलेश शेळके भिडले, तेव्हा दोघेही पवारांचेच पठ्ठे होते. सदगीर 3-2 ने जिंकला आणि त्याने शेळकेला खांद्यावर उचलून घेतलं.

हे झाले किताब गाठलेले. मला चिंता आहे ती मधल्या फळीची, दरवर्षी फडाफडांवर पाच-दहा हजारांच्या इनामाची कुस्ती करणाऱ्यांची. गुडघा निखळला तर त्यांचा हंगाम तिथेच संपतो आणि दवाखान्याचं बिल घरच्यांवर येतं. ज्या कमिटीला शेवटच्या कुस्तीसाठी मोठी रक्कम उभी करता येते, तिला पत्रकावरच्या सगळ्या पैलवानांचा त्या दिवसापुरता अपघात विमा काढणं जड जाऊ नये. कुठल्या फडात कुणाची जोड होती आणि निकाल काय लागला, याची जिल्हा तालीम संघाने एक वही ठेवली, तर ओळख नसलेल्या पोरालाही पुढच्या गावी दाखवायला काहीतरी असेल.

पुढच्या भागात खुराकाचा हिशेब मांडू : तालमीतल्या एका पैलवानाला दिवसाला काय लागतं आणि त्याचा खर्च घरातलं कोण उचलतं.