सामना भरविण्याचा हक्क

मे २०२३मध्ये ‘अ‍ॅक्टिव्हिजन’ या अमेरिकन कंपनीने ‘एक्सलॅब्ज’ नावाच्या एका हौशी गटाला वकिलामार्फत नोटीस धाडली आणि त्या गटाने आपले सर्व काम कायमचे बंद करीत असल्याचे जाहीर केले. व्यापारी जगात अशा नोटिसा रोज निघतात; त्यामुळे खेळाडूंच्या वर्तुळाबाहेर तिची फारशी वाच्यता झाली नाही. पण प्रकरणाचे मूळ विचार करण्याजोगे आहे. ‘कॉल ऑफ ड्यूटी : मॉडर्न वॉरफेअर २’ हा संगणकावरील नेमबाजीचा खेळ या कंपनीने नोव्हेंबर २००९मध्ये बाजारात आणला. संगणकासाठी तो विकताना तिने एक जुनी सोय काढून घेतली. खेळाडूंनी स्वतः सामने भरविण्याची. पुढे हौशी मंडळींनी खेळात फेरफार करून ती सोय परत आणून दिली. साडेतेरा वर्षांनी वकिलांनी हरकत घेतली ती अशा फेरफारांनाच.

सामना भरविणे म्हणजे काय, हे हे खेळ न खेळणाऱ्यांना चटकन उमगणार नाही. दहा खेळाडू दहा गावी बसले आहेत. प्रत्येकाच्या पडद्यावर तेच रणांगण दिसते, परंतु ती दहा निरनिराळी चित्रे असतात आणि ती एकमेकांशी तंतोतंत जुळत नाहीत. कोणाची गोळी कोणाला लागली, हे ठरविणारा अकरावा कोणी तरी लागतो. तो म्हणजे सर्व्हर, सामना चालविणारा संगणक. खेळाडूचे यंत्र फक्त आपण कोणती कळ दाबली एवढेच कळविते. सर्व्हर ते सर्व एकत्र करून सेकंदाला साधारण ६४ वेळा खरी परिस्थिती ठरवितो आणि सर्वांना कळवितो. निरोप पोहोचायला वेळ लागतो, म्हणून चांगला सर्व्हर गोळी झाडल्याची खबर येताच काळाचे चाक तेवढे मागे फिरवितो आणि त्या क्षणी खेळाडूला काय दिसत होते ते पाहून निकाल देतो. आपण भिंतीआड पोहोचलो असतानाही मेलो कसे, अशी जी तक्रार पोरे करतात, तिचे कारण या निवाड्यात असते. क्रिकेटचा तिसरा पंच अधूनमधून जे काम करतो, ते येथे प्रत्येक गोळीला चालते.

हा पंच कोठे बसला आहे, यावर बरेच अवलंबून असते. काचेच्या तारेतून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. मुंबईहून लंडन सरळ रेषेत सुमारे ७२०० किलोमीटर. म्हणजे निरोपाच्या जाण्यायेण्याला, वाट अगदी सरळ धरली तरी, सेकंदाचे ७२ सहस्रांश लागणारच. प्रत्यक्षात ते शंभराच्या वर जातात. या अंतरावर कोणत्याही कंपनीची मात्रा चालत नाही. कोल्हापूरच्या मुलाला मुंबईतला सर्व्हर हवासा वाटतो तो हौसेखातर नव्हे. मुंबईत सर्व्हर ठेवायचा की नाही हे कंपनीने ठरवावे, की कोल्हापूरच्या दहा मुलांनी वर्गणी काढून तो भाड्याने घ्यावा, एवढ्यापुरता हा प्रश्न सोपा आहे.

दुसरी व्यवस्था ही या खेळांची मूळ रीत होती. टेक्सासमधील ‘इड सॉफ्टवेअर’ने डिसेंबर १९९३मध्ये ‘डूम’ काढला, तेव्हा चौघांना स्थानिक जाळ्यावर एकत्र खेळता येत असे. त्यातली दालने, चित्रे आणि आवाज मुख्य यंत्रणेपासून वेगळ्या फाइलीत ठेवले होते. म्हणजे कोणालाही ते बदलता यावेत. १९९६च्या ‘क्वेक’मध्ये सर्व्हरचा कार्यक्रम ज्याला हवा त्याला चालविता येऊ लागला आणि खेळाचे नियम ज्या भाषेत लिहिले होते ती भाषाही लोकांच्या हाती दिली गेली. त्यातून फेरफार करून बनविलेल्या खेळांची, ज्यांना सर्वत्र ‘मॉड’ म्हणतात त्यांची, लाट उसळली. ‘व्हॉल्व्ह’ या कंपनीचा ‘हाफ-लाइफ’ नोव्हेंबर १९९८मध्ये आला तो याच यंत्रणेच्या पायावर. त्यावर कॅनडात शिकणारा मिन्ह ले आणि त्याचा अमेरिकन जोडीदार जेस क्लिफ यांनी ‘काउंटर-स्ट्राइक’ रचला. त्याची पहिली चाचणी आवृत्ती जून १९९९मध्ये फुकट वाटली गेली. दुकानात तो आला नोव्हेंबर २०००मध्ये. मधल्या दीड वर्षात हा खेळ जगभर पसरला तो कोणा अनोळखी विद्यार्थ्यांनी आणि तंत्रज्ञांनी आपल्या खर्चाने चालू ठेवलेल्या सर्व्हरांवर. व्हॉल्व्हने हा खेळ विकत घेतला तेव्हा तिला आयता भरलेला मांडव मिळाला, असे म्हटले तर वावगे होणार नाही.

या यजमानांकडे आजवर कोणी फारसे लक्ष दिलेले नाही. खेळ बनविणाऱ्यांची नावे होतात, जिंकणाऱ्यांना बक्षिसे मिळतात; सतरंज्या घालणारा आणि शेवटी त्या उचलणारा मात्र येथेही अंधारातच राहतो. त्याचे काम पाहिले तर ते अर्धे तंत्रज्ञाचे आणि अर्धे मंडळाच्या चिटणिसाचे असते. एका साध्या मजकुराच्या फाइलीत तो नियम लिहितो : फेरी किती मिनिटांची, आरंभी शस्त्रखरेदीला किती रक्कम (काउंटर-स्ट्राइकमध्ये रूढ आकडा ८०० डॉलरचा), आपल्याच गड्याला गोळी लागली तर तो मरावा की नाही, कोणत्या मैदानानंतर कोणते मैदान. गल्लीत क्रिकेट खेळणाऱ्या पोरांना हे समजावून सांगावे लागणार नाही. अमक्याच्या अंगणात चेंडू गेला तर बाद, हा नियम कोणत्याही ग्रंथात नसतो. घरचे यंत्र सर्व्हर म्हणून वापरायचे तर बाहेरच्यांना आत येण्याची वाट मोकळी ठेवावी लागते. हाफ-लाइफच्या घराण्यात ती वाट २७०१५ या क्रमांकाची. आता अनेक इंटरनेट कंपन्या पुष्कळ घरांना मिळून बाहेरचा एकच पत्ता देतात, त्यामुळे ही वाट घरातून उघडतच नाही आणि सर्व्हर भाड्याने घेणे भाग पडते.

मॉड केलेला खेळ असला की काम दुप्पट होते. यजमानाने नवे मैदान आणले तर ते प्रत्येक खेळाडूच्या यंत्रावर जसेच्या तसे असावे लागते. फाइलीत एका अक्षराचा फरक पडला, तरी तुमचा नकाशा सर्व्हरच्या नकाशाशी जुळत नाही, असे सांगून सर्व्हर दार लावून घेतो. म्हणून मैदाने, आवाज, पोशाख हे सारे येणाऱ्याला आपोआप पोहोचविण्याची सोय करायची, मूळ खेळाची नवी आवृत्ती निघाली की मॉड मोडला काय ते पाहायचे, रात्री दीड वाजता फसवेगिरी करणाऱ्याला बाहेर काढायचे आणि दुसऱ्या दिवशी त्याची विनवणीही ऐकायची. मोबदला काही नाही. तरीही या माणसांमुळेच खेळात नवे काही घडत राहिले. तीव्र उतारावरून खेळाडू न थांबता घसरत जातो, ही यंत्रणेतली एक विचित्रता होती. तिच्यावर नुसत्या घसरण्याच्या शर्यतीचा एक स्वतंत्र प्रकार उभा राहिला. त्यात बंदुकीचे काही कामच नाही. कोणत्याही कंपनीच्या नियोजन बैठकीत तो सुचला नसता.

महाराष्ट्रातही या व्यवस्थेचा लाभ एका पिढीने घेतला आहे. या शतकाच्या पहिल्या दशकात पुण्यामुंबईच्या सायबर कॅफेंत आणि अभियांत्रिकी महाविद्यालयांच्या वसतिगृहांत काउंटर-स्ट्राइक चाले तो तेथल्याच एखाद्या यंत्रावर भरविलेला असे. इंटरनेट मंद असो की नसोच. आठ-दहा यंत्रे एका तारेने जोडली की काम भागे. आणखी एक धागा अनेकांच्या ध्यानात येत नाही. मोबाइलवर जो ‘पब्जी’ सप्टेंबर २०२०मध्ये भारतात बंदी येईपर्यंत गावोगावी खेळला गेला, त्याचे कूळ शोधत गेले की झेक कंपनीच्या ‘आर्मा २’ या युद्धखेळापाशी पोहोचता येते. त्यावर न्यूझीलंडच्या डीन हॉलने २०१२मध्ये ‘डे-झी’ हा मॉड केला आणि त्यावरून सुचून आयर्लंडच्या ब्रेंडन ग्रीनने २०१३मध्ये ‘बॅटल रॉयल’चा मॉड केला. २०१७चा पब्जी हे त्याचे व्यापारी रूप. ज्या खेळाने कंपन्यांना कोट्यवधी डॉलर मिळवून दिले, त्याची तालीम हौशी मंडळींच्या सर्व्हरांवर झाली.

अशा स्थितीत २००९चा निर्णय का झाला? कंपनीचे म्हणणे अगदीच पोकळ नव्हते. सर्व्हरांच्या लांबलचक यादीतून एक निवडणे नवख्याला जड जाते. त्याऐवजी एक बटण दाबावे आणि बरोबरीचे सवंगडी मिळावेत, यात सोय आहे. पण प्रत्यक्षात झाले असे, की खेळणाऱ्यांपैकीच एकाचे यंत्र कंपनीची यंत्रणा परस्पर पंच म्हणून नेमू लागली. त्याला स्वतःला निरोपाचा विलंब शून्य. तो मध्येच उठून गेला की साऱ्यांचा खेळ थांबे आणि नवा पंच शोधला जाई. एका सामन्यात जास्तीत जास्त १८ खेळाडू. निषेधाच्या पत्रकावर लाखाहून अधिक सह्या झाल्या; खेळ विक्रमी खपला आणि सह्या तशाच राहिल्या. मॉड बंद झाल्यामुळे नवी मैदाने मिळण्याचा मार्ग एकच उरला, कंपनीकडून विकत घेण्याचा. या गोष्टीचा निर्णयाशी संबंध नव्हता, असे मानायला बरेच औदार्य लागेल.

यजमानपद कंपनीकडे गेले की खेळाचे आयुष्यही तिच्या मर्जीवर उरते. ‘गेमस्पाय’ ही सेवा शेकडो खेळांच्या सर्व्हरांची यादी ठेवी, टेलिफोन डिरेक्टरीसारखी. ती ३१ मे २०१४ रोजी बंद झाली, तेव्हा सर्व्हर शाबूत असूनही ते सापडेनासे झाले. ‘बॅटलफील्ड २’च्या चाहत्यांनी पर्यायी यादी उभारली, त्यांपैकी एका गटाला २०१७मध्ये मालक कंपनीच्या नोटिशीपुढे माघार घ्यावी लागली. त्या गटाने मूळ खेळाच्या प्रतीही वाटल्या होत्या, म्हणून कंपनीची बाजू कायद्याने भक्कम होती, हे सांगितले पाहिजे. उलट ‘टायटनफॉल २’चा अनुभव पाहावा. २०२१मध्ये बाहेरच्या हल्ल्यांनी त्याचे अधिकृत सर्व्हर खेळण्याजोगे राहिले नव्हते. त्या वर्षाच्या डिसेंबरात ‘नॉर्थस्टार’ हा मॉड आला आणि खेळाडू आपले सामने आपल्या नियमांनी भरवू लागले. मूळ खेळ विकत घेतलेला असला पाहिजे, ही अट मॉडनेही पाळली.

खासगी यजमानांचा कारभार रामराज्य असतो, असे कोणी समजू नये. हरल्यावर प्रतिस्पर्ध्याला हाकलणारे, मित्राची लबाडी झाकणारे, शिवीगाळीला मोकळे रान देणारे यजमान पुष्कळ झाले. परंतु तेथे शेजारचा सर्व्हर गाठता येतो. कंपनीच्या व्यवस्थेत शेजार नसतो. सुरक्षिततेचा मुद्दा अधिक गंभीर आहे. तथापि जुलै २०२३मध्ये, म्हणजे वर सांगितलेल्या नोटिशीनंतर अवघ्या दोन महिन्यांनी, त्याच ‘मॉडर्न वॉरफेअर २’च्या अधिकृत सामन्यांतून एका यंत्रातून दुसऱ्यात शिरणारा घातक कार्यक्रम पसरत असल्याचे उघड झाले आणि कंपनीला आपलीच सेवा काही काळ थांबवावी लागली. जुन्या खेळाची डागडुजी करण्यात कंपनीला रस उरत नाही. हौशी मंडळींना तेवढाच उरतो.

हा वाद आता नेमबाजीच्या खेळांपुरता राहिलेला नाही. ‘यूबीसॉफ्ट’ने ‘द क्रू’ हा मोटारशर्यतीचा खेळ ३१ मार्च २०२४ रोजी बंद केला, तेव्हा ज्यांनी तो पैसे मोजून घेतला होता त्यांच्या हाती काहीच उरले नाही. कॅलिफोर्नियाने त्याच वर्षी कायदा केला : ग्राहकाला मालकी नव्हे, नुसता परवाना मिळणार असेल, तर ते स्पष्ट सांगितल्याखेरीज ‘विकत घ्या’ असे शब्द वापरता येणार नाहीत. युरोपात याच प्रश्नावरील नागरिकांच्या अर्जाने जुलै २०२५मध्ये दहा लाख सह्यांचा टप्पा ओलांडला. अर्जदारांची मागणी कंपन्यांनी सेवा अनंत काळ चालवावी अशी नाही. सेवा बंद करताना खेळ खेळण्याजोग्या स्थितीत मागे ठेवावा, एवढीच आहे. उत्पादकांच्या संघटनेने त्यावर उत्तर दिले, की खासगी सर्व्हरांवर बेकायदा मजकूर रोखता येणार नाही आणि जबाबदारी मात्र हक्कधारकांवर येईल. ही भीती अवास्तव नाही, पण तिला कायद्यात एका कलमाने उत्तर देता येईल. सर्व्हर जो चालवील, जबाबदारी त्याची.

इड सॉफ्टवेअरने तर कोणताही कायदा नसताना डिसेंबर १९९७मध्ये ‘डूम’चा आणि डिसेंबर १९९९मध्ये ‘क्वेक’चा मूळ कार्यक्रम सर्वांना खुला केला. चित्रे आणि मैदाने यांचे हक्क स्वतःकडे ठेवले, खेळ विकणेही चालू ठेवले. ‘क्वेक’चे सामने आजही निरनिराळ्या देशांतल्या हौशी मंडळींच्या सर्व्हरांवर भरतात. त्यांतल्या काही खेळाडूंचा जन्म तो खेळ निघाल्यानंतरचा आहे.