118 भिडू, एकच तक्ता!

नुसता हातात धरला तरी वितळणारा धातू असतो, माहीत आहे का? नाव गॅलियम. द्रवणांक फक्त 29.76 अंश सेल्सिअस, म्हणजे तळहाताच्या उबेनंच त्याचं पाणी पाणी! मे महिन्यात चंद्रपूरला तर हातसुद्धा लावायला नको, टेबलावर ठेवल्या ठेवल्या पघळेल. पण उकळून दाखवा बरं! पारा 2,200 अंशांवर नेलात तरी हा पठ्ठ्या द्रवच राहतो.

गॅलियमची खरी धमाल तर पुढेच आहे. सापडण्याआधीच त्याची कुंडली तयार होती! 1869 मध्ये रशियाच्या दिमित्री मेंडेलीव्हनं तेव्हा माहीत असलेली 63 मूलद्रव्यं तक्त्यात मांडली आणि काही जागा बिनधास्त रिकाम्या ठेवल्या. ॲल्युमिनियमच्या खालच्या अज्ञात भिडूला त्यानं नाव दिलं ‘एका-ॲल्युमिनियम’. होय, संस्कृतमधला ‘एक’च तो! 1875 मध्ये फ्रान्सच्या लकॉक द बॉयबॉद्राँला तो भिडू सापडला. त्यानं घनता मोजली, ती आली 4.7. मेंडेलीव्हनं तो धातू डोळ्यांनी पाहिलाही नव्हता, तरी ठणकावून कळवलं की घनता 5.9 च्या आसपास हवी, नमुना नीट शुद्ध करा. केला. आली 5.9! कॉन्फिडन्स असावा तर असा. एवढं करूनही मेंडेलीव्हला नोबेल मिळालं नाही, याची मला मनापासून हळहळ वाटते. 101 व्या घरावर मात्र त्याचीच पाटी आहे, मेंडेलीव्हियम.

सोनं पिवळं का, माहीत आहे का? उत्तर सराफकट्ट्यावर नाही, आइनस्टाइनकडे आहे! सोन्याच्या अणूत आतले इलेक्ट्रॉन प्रकाशाच्या निम्म्याहून जास्त वेगानं पळतात. तिथे सापेक्षतावाद लागू होतो, इलेक्ट्रॉनांच्या ऊर्जेच्या पायऱ्या सरकतात, सोनं निळा प्रकाश गिळून टाकतं आणि आपल्याला पिवळाधम्मक दागिना दिसतो. शेजारच्या घरातला पारा द्रव राहतो, त्यामागेही हाच सापेक्षतावाद. म्हणजे पारा चढो वा उतरो, क्रेडिट आइनस्टाइनला!

वजनदार पार्टी कोण? ऑस्मियम! पाण्याच्या एक लिटरच्या बाटलीत गच्च भरलं तर साडेबावीस किलो. उलट लिथियम इतका हलका धातू की पाण्यावर तरंगतो. अर्थात तरंगता तरंगता पाण्याशी भांडतोही, त्यामुळे घरी ट्राय करू नका.

आता चला कोकणात. 18 ऑगस्टला सिंधुदुर्गातल्या विजयदुर्ग किल्ल्यावर ‘हेलियम डे’ साजरा होतो, माहीत आहे का? 18 ऑगस्ट 1868 रोजी भारतावरून खग्रास सूर्यग्रहणाची सावली सरकली. विजयदुर्गावर ‘साहेबाचे ओटे’ आहेत, तिथून साहेबांनी हे ग्रहण पाहिलं असं सांगतात. हेच ग्रहण पाहायला फ्रान्सचे खगोलशास्त्रज्ञ जान्सेन मुक्कामाला होते आंध्रातल्या गुंटूरला. त्या दिवशी सूर्याच्या ज्वाळांच्या वर्णपटात एक पिवळी रेषा चमकली. आधी वाटलं, सोडियमच असेल. ऑक्टोबरमध्ये नॉर्मन लॉकियर यांनी इंग्लंडमध्ये बसून, ग्रहणाशिवायच, ती रेषा पकडली आणि सोडियमशी तिचं जमेना. हे तर नवंच मूलद्रव्य! आधी सूर्यावर सापडलं आणि पृथ्वीवर हाती लागायला 1895 उजाडलं. तेव्हा विल्यम रॅमझी यांना युरेनियमच्या खनिजातून हेलियम मिळालं. बोनस फॅक्ट: नेहमीच्या हवेच्या दाबाला हेलियम कितीही थंड करा, गोठतच नाही. थेट निरपेक्ष शून्याकडे नेलं तरी द्रवच! गॅलियमचा खरा जोडीदार शोभतो.

खताच्या पोत्यावरचं ‘नत्र, स्फुरद, पालाश’ प्रत्येक शेतकऱ्याला पाठ. त्यातलं स्फुरद कशातून सापडलं, माहीत आहे का? नाक धरा... लघवीतून! 1669 मध्ये जर्मनीतल्या हँबर्गचा हेनिग ब्रँड सोनं बनवायच्या नादात लघवी आटवत बसला. सोनं राहिलं दूर, हाती आला अंधारात चमकणारा फॉस्फरस. सोन्याहून पिवळं म्हणा ना!

पालाश म्हणजे पोटॅशियमही कमी नाही. त्याचा एक प्रकार किरणोत्सारी असतो आणि तो आपल्या अंगातच आहे. तुमच्या शरीरात दर सेकंदाला त्याचे सुमारे चार हजार अणू फुटतात. आत्ता, हे वाचतानासुद्धा! घाबरू नका, माणसाचं हे पहिल्यापासून असंच चालू आहे.

दर सेकंदाला म्हटलं, पण सेकंद ठरवतं कोण? सीझियम! त्याच्या अणूतून येणाऱ्या ठरावीक लहरीची 9,19,26,31,770 आंदोलनं झाली की एक सेकंद पूर्ण. हिशेब चोख, सवलत नाही.

वेळेचा विषय निघालाच आहे तर ऐका, किरणोत्सारी फ्रान्सियम 22 मिनिटांत निम्मं संपतं. बिस्मथला निम्मं व्हायला लागणारी वर्षं लिहायची तर दोनावर 19 शून्यं द्या! हा काळ विश्वाच्या वयाच्या शंभर कोटी पटींहून जास्त आहे. बिस्मथ किरणोत्सारी आहे, हे प्रयोगातून पकडायलाही 2003 साल उजाडलं.

क्विझवाल्यांनो, इकडे लक्ष! इंग्रजीतली कोणती अक्षरं आवर्तसारणीत कुठेच नाहीत? ‘जे’ आणि ‘क्यू’. ना चिन्हांत, ना नावांत.

आणि सगळ्यात चिवट टीम कोणाची? जपानची! रिकेन संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी जस्ताची अणुकेंद्रं बिस्मथवर आदळून आदळून 113 वं मूलद्रव्य घडवलं. 2004 मध्ये एक अणू, 2005 मध्ये दुसरा, मग मोठा शुकशुकाट आणि 2012 मध्ये तिसरा. या तीन अणूंवर निहोनियम तक्त्यात दाखल! आता रिकेनचा डोळा 119 वर आहे. तो भिडू घडला तर सात ओळींच्या या तक्त्याला आठवी ओळ काढावी लागेल.