लिलावानंतरची तडजोड: तिसरी सही कोणाची?
कर्जापायी न्यायालयातून घराचा लिलाव झाला की वाद दोघांचा राहत नाही. पैसे भरून बसलेला खरेदीदार तिसरा पक्ष होतो. सावकार आणि कर्जदार यांनी मागाहून हातमिळवणी केली तरी त्याचा हक्क आपोआप मिटत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21, नियम 89 मध्ये याचीच सोय आहे: विक्रीपासून 60 दिवसांत जाहीरनाम्यातली येणे रक्कम आणि खरेदीदारासाठी किमतीच्या 5 टक्के भरले, तर विक्री रद्द करून घेता येते.

थकीत कर्जासाठी बँक न्यायालयाबाहेर करते तो सरफेसी कायद्याखालचा लिलाव याहून कडक. त्याविरुद्ध दाद मागायला नांदेड-लातूरकरांना छत्रपती संभाजीनगरचे कर्जवसुली न्यायाधिकरण गाठावे लागते. या कायद्याच्या 2016 च्या दुरुस्तीनंतर लिलावाची नोटीस प्रसिद्ध होताच मालमत्ता सोडवण्याचा हक्क संपतो, असे सर्वोच्च न्यायालयाने सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स (2023) या खटल्यात सांगितले. कर्जदारावर हा अन्याय नव्हे का? पण सौदा केव्हाही मोडणार असेल, तर चढी बोली लावणार कोण? पडेल भावाचा तोटा शेवटी कर्जदाराच्याच खात्यावर निघतो. तडजोड लोकअदालतीत केली, तर तिच्या निवाड्यावर अपील नाही, न्यायशुल्कही परत मिळते. मात्र लिलाव होऊन गेला असेल, तर तडजोडपत्रावर खरेदीदाराची सही आधी घ्या.