नारू : पायातून निघणारा दोरा

माझी आजी उजवा पाय जरा ओढत चालते. मला वाटायचे, काटा मोडला असेल. परवा विचारले तर म्हणाली, "काटा नाही बाळा, नारू निघाला होता." वर्गात हा शब्द कुणालाच ठाऊक नव्हता. म्हणून आजीला आणि गुरुजींना विचारून लिहीत आहे.

नारू हा जंत आहे. शेवईसारखा बारीक, पांढरा, आणि लांबी दीड-दोन हात! आजीच्या माहेरी पायऱ्यांची बारव होती. लोक पाण्यात उतरूनच घागर बुडवत. त्या पाण्यात सायक्लॉप्स नावाचा इवलासा जीव असतो. नारूची पिल्ले त्याच्या पोटात वाढतात. पाणी न गाळता प्यायले की ती आपल्या पोटात. मग वर्षभर काहीच कळत नाही. वर्षाने पायाला फोड येतो, नुसती आग आग होते. माणूस पाय पाण्यात घालतो, फोड फुटतो आणि नारू हजारो पिल्ले पाण्यात सोडतो. म्हणजे ज्याला दुखते, त्याच्याच पायाने गावाचे पाणी बिघडते. ज्यांच्या वाड्यात स्वतःचा आड होता, ते दोराने पाणी शेंदत. त्यांच्या घरी नारू क्वचितच.

यावर औषध तेव्हा नव्हते, आजही नाही. काडीला गुंडाळून रोज बोट-दोन बोटे ओढायचा. तुटला तर आत पू होतो. आजीचा तुटला.

ते 1969 साल. ऐन मृगात आजी आणि तिचे वडील, दोघेही नारूने खाटेवर. शेजाऱ्यांनी आपली पेरणी उरकून यांची केली, तोवर उशीर झाला. पाच पोती ज्वारी व्हायची तिथे दीड झाली. बैल विकून दाणे आणले. आजी चौथीत होती. तिची शाळा सुटली ती सुटलीच.

पुढे 1983-84 पासून सरकारने देशभर मोहीम घेतली. बारवांच्या पायऱ्या बंद केल्या, हापसे बसवले, पाण्यात औषध टाकले, घरोघर फडक्याने पाणी गाळायला शिकवले. शेवटचा रोगी 1996 साली राजस्थानात सापडला. 2000 साली भारत नारूमुक्त जाहीर झाला. जगात 1986 साली सुमारे 35 लाख लोकांना नारू होता. 2023 साली फक्त 14 जणांना, तेही आफ्रिकेत.

आजी अजून नळाचे पाणीसुद्धा दुपदरी फडक्यातून गाळते. आई हसते. हा लेख मी आजीला वाचून दाखवला. ती म्हणाली, "बैलाचं नाव लिहायचं राहिलं की रे. सर्जा होता तो."