ॲल्युमिनियम आणि तांबं थेट पिळू नका

खांबावरून घराकडे येणारी सर्व्हिस वायर बहुधा ॲल्युमिनियमची असते आणि घरातली वायरिंग तांब्याची. दोन्ही पिळून वर काळी टेप गुंडाळलेला जोड सर्रास दिसतो. मला तो बघवत नाही!

सोललेल्या ॲल्युमिनियमवर हवेत लगेच ऑक्साइडचा पातळ थर चढतो, आणि तो वीज वाहू देत नाही. अशा जोडात पावसाचं पाणी शिरलं की दोन धातूंची बॅटरीच तयार होते. त्यात झिजतं ते ॲल्युमिनियम. शिवाय तापल्यावर दोघांचं प्रसरण सारखं नसतं, ॲल्युमिनियम आणि तांबं यांचं साधारण २३ ला १७ असं प्रमाण. त्यातून जोड स्क्रूने आवळलेला असेल तर त्याच्या दाबाखाली ॲल्युमिनियम हळूहळू चेपतं. जोड सैल, मग गरम, मग आणखी सैल.

यासाठी बायमेटल लग (एका बाजूला ॲल्युमिनियम, दुसऱ्या बाजूला तांबं असलेला) किंवा दोन्ही धातूंसाठी बनवलेला कनेक्टर वापरतात. ॲल्युमिनियम वायरब्रशने घासून लगेच जॉइंटिंग कंपाउंड लावायचं, मग लग मापाच्या डायने तारेवर दाबून बसवायचा, म्हणजे क्रिंप करायचा. एकाच स्क्रूखाली दोन्ही तारा नकोत. जोड उघड्यावर असेल तर ॲल्युमिनियम वर, तांबं खाली. तांब्यावरून ओघळणारं पाणी ॲल्युमिनियम खातं.

आणि हे काम स्वतः करू नका. घरातला मेन स्विच बंद केला तरी सर्व्हिस वायर जिवंतच असते. पुरवठा वीज कंपनीच्या लाइनमननेच तोडायचा, जोड परवानाधारकाने करायचा. टेप वितळलेली दिसली, दिवे लुकलुकले किंवा जळका वास आला, तर त्याच दिवशी तक्रार नोंदवा.