गव्हाचा भाव लिव्हरपूलला का ठरतो, असे विचारणारा दुकानदार

आज एका परदेशी दुकानदाराची हकिकत सांगणार आहे. शेतीच्या पानावर दुकानदाराचे काय काम, असे कोणी विचारील. पण शेतकऱ्याच्या भावासाठी जगातली राजेरजवाडी सरकारे एका टेबलाशी बसवणारा हाच माणूस. त्याचे नाव डेव्हिड ल्युबिन.

रशियाच्या झारच्या अमलाखाली असलेल्या पोलंडमध्ये, क्लोदावा गावी, १८४९ साली एका यहुदी घरात तो जन्मला. यहुदी म्हटले की अलिबाग-पेणकडच्या मंडळींना शनवारी घाणा बंद ठेवणारे ‘शनवार तेली’ आठवतील, धर्म तोच. ल्युबिनचे कुटुंब तो लहान असतानाच अमेरिकेत आले. शाळा लवकर सुटली. दागिन्यांच्या कारखान्यात पॉलिश, ॲरिझोनाच्या रानात सोन्याचा शोध, मग दिव्यांची विक्री असे नाना धंदे करून १८७४ साली त्याने कॅलिफोर्नियातल्या सॅक्रॅमेंटो गावी लहानसे दुकान थाटले.

त्या मुलखात तेव्हा गिऱ्हाईक पाहून भाव सांगण्याची रीत होती. ल्युबिनने प्रत्येक मालावर किंमत लिहून टाकली. एकच भाव, घासाघीस नाही, पोर आले तरी तोच आणि सावकार आला तरी तोच. लोक आधी हसले, मग रांगा लावू लागले. सावत्र भाऊ हॅरिस वाइनस्टॉक भागीदार झाला आणि टपालाने माल पाठवणारी मोठी पेढी उभी राहिली. खोटे माप, खोटे वजन हे त्याच्या धर्मग्रंथात पाप सांगितले आहे, आणि ल्युबिन ते मनापासून मानणारा होता.

पैसा आला तशी दोघा भावांनी फळबाग आणि गव्हाची जमीन घेतली. इथे मात्र ल्युबिनचे डोळे उघडले. दुकानात मालाची किंमत तो स्वतः लिहीत होता. शेतात पिकवलेल्या मालाची किंमत दुसराच कोणी लिहीत होता. फळाच्या पैशातला मोठा वाटा रेल्वेचे भाडे आणि अडत खाऊन टाकी. गव्हाचा भाव तर इंग्लंडच्या लिव्हरपूल बंदरात ठरे. तिथल्या भावातून जहाजाचे भाडे, विमा, दलाली वजा करून जे उरेल ते शेतकऱ्याचे. देशातच खपणाऱ्या गव्हालाही हाच हिशेब. उलट नांगर, यंत्रे, कापड घ्यायला जावे तर परदेशी मालावर जकात बसवलेली, म्हणून देशी कारखानदार चढा भाव लावी. म्हणजे विकायचे जगाच्या भावाने आणि घ्यायचे जकातीच्या भावाने. आपल्या वऱ्हाडच्या जुन्या कापूसवाल्यांना हे सांगायला नको. त्यांच्या कापसाचा भावही याच लिव्हरपूलच्या तारेवर वरखाली होई.

कारखानदाराला जकातीचा आधार, तर शेतमालाच्या निर्यातीला सरकारने तेवढेच साहाय्य द्यावे, अशी मागणी घेऊन ल्युबिन राजकारणात उतरला. सभा घेतल्या, पत्रके काढली. १८९६ साली बुडापेस्टच्या शेती परिषदेतही बोलला. अमेरिकेच्या संसदेने मागणी मानली नाही. मला विचाराल तर ते बरेच झाले, कारण त्यातूनच त्याला मूळ दुखणे सापडले. मोठ्या व्यापाऱ्याला रशियात, अर्जेंटिनात, हिंदुस्थानात पीक किती उभे आहे याची तार येते. शेतकऱ्याला शेजारच्या तालुक्याचेही कळत नाही. ऐन सुगीत ‘यंदा पीक उदंड’ अशी आवई उठली की भाव पडलाच. माल गोदामात गेला की आवई विरते, पण तोवर शेतकऱ्याचे खळे रिकामे झालेले असते.

म्हणून त्याने नवी कल्पना काढली. सर्व देशांच्या सरकारांनी आपापल्या पिकांचे खरे आकडे एका ठिकाणी द्यावेत आणि ते सगळ्या जगाला जाहीर व्हावेत. हाती कोणतेही मंत्रिपद नसताना तो सरकारी दारे झिजवत राहिला. बहुतेकांनी त्याला विक्षिप्त ठरवले. अखेर ऑक्टोबर १९०४ मध्ये इटलीचा राजा तिसरा व्हिक्टर इमॅन्युएल याने त्याचे ऐकून घेतले आणि पुढाकार घेतला. ७ जून १९०५ रोजी रोममध्ये देशादेशांचा करार झाला आणि १९०८ साली आंतरराष्ट्रीय कृषी संस्थेची इमारत उघडली. अमेरिकेचा प्रतिनिधी म्हणून ल्युबिन शेवटपर्यंत तिथेच राहिला.

कर्जाचा प्रश्नही त्याने सोडला नाही. जर्मनीत शेतकरी एकत्र येऊन जमिनीच्या तारणावर स्वस्त, लांब मुदतीचे कर्ज उभे करीत. तशी पद्धत अमेरिकेत यावी म्हणून त्याने रान उठवले. १९१३ साली अमेरिकेचे शिष्टमंडळ युरोपात पाहणीला गेले, आणि १९१६ साली शेती कर्जाचा कायदा होऊन बारा भूबँका निघाल्या. कायदा त्याच्या मनासारखा पुरता नव्हता, हेही खरे. आपल्याकडच्या भूविकास बँकांची जातकुळी पुष्कळशी हीच होती.

१ जानेवारी १९१९ रोजी, महायुद्धानंतर पसरलेल्या इन्फ्ल्युएंझाच्या साथीत, तो रोममध्ये वारला.

आकडे मिळाले म्हणून शेतकऱ्याचे सगळे दुःख फिटले, असे मी म्हणणार नाही. १९२९ नंतरच्या मंदीत आकडे छापले जात होते आणि भाव कोसळतच होते. आज लासलगावचा कांद्याचा भाव सकाळी फोनवर दिसतो, तरी गेल्या साली भाव चढला म्हणून यंदा किती जणांनी रोपे टाकली हे बांधावर बसून कळत नाही. भाव कळणे निराळे आणि पेरा कळणे निराळे. ल्युबिनचा जोर पेऱ्यावर होता.

त्याच्या संस्थेने १९३० साली पहिली जागतिक कृषी गणना करवली. दुसऱ्या महायुद्धानंतर तिचे काम जागतिक अन्न व कृषी संघटनेकडे गेले. या संघटनेत भारत १९४५ पासून आहे आणि तिच्या रोममधल्या ग्रंथालयाला ल्युबिनचे नाव आहे. जागतिक गणनेच्या त्याच मालिकेत आपली पहिली कृषी गणना १९७०-७१ साली झाली. तिच्यासाठी महाराष्ट्रातले आकडे तलाठ्याच्या दप्तरातून, तुमच्या-आमच्या सातबारावरून घेतले गेले.